आज पाळी कुणाची

जिल्ह्याच्या कचेरीतून दोघं आले, पाटी ठोकून गेले:
‘सामुदायिक भट्टी, अठरावं शतक.’
शतकाचं मला ठाऊक नाही.
एवढं ठाऊक आहे की पाटीचा वरचा खिळा
त्यांनी नेमका त्या फटीत मारलाय
जिथून पाव फुगल्याचा वास सगळ्यात आधी बाहेर पडायचा.

वालदेझेंब्रो. चौदा उंबरे, त्यांतले अकरा कुलपात.
नकाशात बघाल तर स्पेनची रेघ आमच्या बटाट्यांवरून जाते.
बटाट्यांना ती कधी कळली नाही.
माझ्या सासऱ्याला कळायची,
म्हणून रात्री कॉफीचं पोतं घेऊन नदी ओलांडताना
तो बूट गळ्यात अडकवायचा.

इथं इतिहास लिहिलेला नाही, खाचलेला आहे.
छातीएवढी काठी, चेस्टनटच्या लाकडाची,
तिच्यावर प्रत्येक घराची आपापली जागा.
पाट उपसायला आला नाहीत: एक खाच.
शेळ्या राखायची पाळी चुकवलीत: एक खाच.
दुसऱ्याच्या पाण्याची फळी रात्री उचललीत: दोन,
आणि दुसरी जरा खोल.
दंड पैशात नाही, वाइनमध्ये.
वर्षाअखेरी सगळ्यांच्या चुका सगळ्यांनी मिळून प्यायच्या.

झेफेरिनोच्या जागेवरून बोट फिरवा. करवतच.
भांडखोर माणूस,
पण त्याच्या दंडावर गावानं तीन लग्नं साजरी केली.
आदोझिंदाची जागा गुळगुळीत. एकच खाच,
नखानं चाचपली तरच लागते.
कशाची, विचारलं होतं मी सासूला.
ती म्हणाली, कांदे सोल.

मी इथली नव्हे. पलीकडच्या तीरावरून लग्न होऊन आले.
पहिली सहा वर्षं मला नाव नव्हतं.
पलीकडचीला सांग. पलीकडचीनं मीठ जास्त घातलं.
सातव्या वर्षी मी ओली बाळंतीण,
नवरा फ्रान्सात सिमेंट कालवत होता,
आणि पाट उपसायची पाळी आमच्या घरावर आली.
मी गेले नाही.
रविवारी चर्चच्या पायरीवर बेल्मिरोनं चाकू काढला,
काठी मांडीवर आडवी घेतली, मोठ्यानं म्हणाला,
‘इदालिना. अर्धी घागर.’

दहा दिवसांचं पोर छातीशी धरून
मी रागानं रडत घरी आले.
कडी काढताना ध्यानात आलं,
त्यानं नाव घेतलं होतं.

आता संग्रहालयातली मुलगी आलीय, काठी मागते.
काचेच्या पेटीत ठेवणार, कीड लागू देणार नाही.
विचारते, यातली वर्षं कशी ओळखायची?
म्हटलं, वर्षं नाहीत, माणसं आहेत.
ती ते लिहून घेते. चांगली आहे पोर.
देऊ म्हटलं, द्यावीच लागेल,
बेल्मिरो गेल्यापासून चाकू माझ्याच फडताळात आहे.
पण आज नको. आज भट्टी पेटवायचीय.

थंड भट्टी पहिल्याला खाते, असं इथं म्हणतात.
पहिल्याची लाकडं दुप्पट जळतात,
पाव खालून कच्चा, वरून करपलेला.
दुसऱ्याला ऊब फुकट. चौथ्याचा पाव सोन्यासारखा.
म्हणून ही पाळी: पहिलं होण्याची.
चौदा चुली होत्या तेव्हा ती कधीमधी यायची.
आता भट्टी महिन्यातून एकदा, घरं तीन.
सोन्यासारखा पाव
कुणाच्याच वाट्याला येत नाही.

देओलिंदाचे गुडघे गेलेत, आल्वारिनोचा हात थरथरतो.
तेव्हा पहिली मीच, या महिन्यात, मागच्याही.
कालपासून फांद्या आत ओढतेय.
पाटीवर काजळी धरेल,
अठरावं शतक वाचता येणार नाही. न येवो.

मुलगी अजून दारात, कोट सांभाळून उभी.
पीठ मळता येतं का?
नाही म्हणाली.
कोट त्या खुंटीला लाव, म्हटलं,
बाह्या वर कर.
चौथी जागा रिकामी आहे.